झोपेतल्या श्वासाचा आकडा मधूनच चढतो? आमच्या घरात काय निघालं ते वाचा

सकाळी उठलं की चहाच्या आधी मनगटावरचं घड्याळ बघायची खोड मला गेल्या पावसाळ्यात लागली. झोप मोजणारं घड्याळ आहे ते. नाडी, झोपेचे तास, पावलं, आणि सगळ्याच्या तळाला, सहसा कुणी बघत नाही अशी एक ओळ: झोपेतला श्वसनदर. माझा मिनिटाला १४. रोज १४, फार तर साडेतेरा. मग एखाद्या सकाळी अचानक १८. दोन दिवस पुन्हा १४, की परत १७, १८.

माझं पोट लोकांच्या सर्व्हरच्या दुखण्यांवर चालतं, त्यामुळे मधूनच येणारी तक्रार किती छळते ते मला चांगलं ठाऊक आहे. कायमचं बिघडलेलं लवकर सापडतं. मधूनच बिघडणारं आपण बघायला बसलो की गुणी बाळासारखं वागतं. इथे तर बघणारा मीच आणि झोपलेलाही मीच.

हाच प्रश्न घेऊन बरेच जण हैराण असतात. म्हणून मी काय काय तपासलं, कशात वेळ फुकट गेला आणि शेवटी भलतंच काय हाती लागलं, ते लिहून ठेवतो. मी डॉक्टर नाही. वैद्यकीय गोष्टी आमच्या डॉक्टरांकडून समजून घेतल्या आहेत.

आधी १८ म्हणजे किती, ते बघा

मोठ्या माणसाचा स्वस्थ बसलेला असताना श्वास मिनिटाला १२ ते २० असतो. झोपेतही बहुतेकांचा याच पट्ट्यात राहतो. म्हणजे माझा १८ सुद्धा नियमात बसणाराच होता. पण माझा नेहमीचा १४ आहे. शेजाऱ्याचा १८ हा त्याचा रोजचा असेल, तर त्याला काहीच झालेलं नाही. इथे तक्ता फारसा उपयोगाचा नाही. दोन-तीन आठवड्यांचे स्वतःचे आकडे काढा, मधला बघा, आणि त्याच्याशीच तुलना करा. अर्ध्या-एकाचा फरक सोडून द्या.

लहान मुलांना हा पट्टा लावू नका. मेहुणीने तिच्या महिन्याच्या बाळाचा श्वास ४४ मोजला आणि रात्री अकराला रडत फोन केला. नवजात बाळाचा ३० ते ६० असतो. शिवाय ही बाळं झोपेत पाच-दहा सेकंद श्वास थांबवतात आणि मग भराभर घेतात, तेही बहुतेकदा स्वाभाविकच. मात्र थांबणं २० सेकंदांच्या वर गेलं, ओठ निळसर झाले, किंवा श्वास घेताना बरगड्यांखाली खड्डा पडू लागला, तर फोनाफोनी न करता थेट दवाखाना. खोकला-सर्दी झालेल्या बाळासाठी डॉक्टर वापरतात ते आकडेही लक्षात ठेवण्यासारखे आहेत: दोन महिन्यांच्या आत ६०, दोन महिने ते वर्षाच्या आत ५०, एक ते पाच वर्षं ४०. बाळ शांत असताना पूर्ण मिनिटभर मोजून आकडा एवढा किंवा याच्या वर आला, तर त्याच दिवशी दाखवायचं.

घड्याळ खोटं बोलतंय का?

पहिला संशय यंत्रावर घ्यायचा, हा आमच्या धंद्याचा नियम. मनगटावरच्या घड्याळाला तुमची छाती दिसत नाही. त्याला दिसते ती नाडी. मागच्या बाजूचा हिरवा दिवा कातडीवर पडतो आणि त्यावरून ठोके मोजले जातात. श्वास आत घेताना हृदय किंचित जलद चालतं, सोडताना किंचित मंदावतं. ठोक्यांमधल्या या चढउतारावरून घड्याळ श्वासाचा अंदाज बांधतं. काही घड्याळं हाताची बारीक हालचालही धरतात. म्हणजे आहे तो अंदाजच, मोजमाप नव्हे.

त्यामुळे पट्टा सैल असला की अंदाज ढासळतो. माझा होताच. मनगटाच्या हाडावर खडखडत होता. बोटभर वर सरकवून एक घर घट्ट केला, तर अधूनमधून येणारे २२-२३ सारखे वेडे आकडे बंद झाले. १७-१८ मात्र राहिले. आणखी एक: वय वाढतं तसा ठोक्यांमधला हा चढउतार कमी होत जातो, आणि ज्यांची नाडीच अनियमित आहे त्यांच्या बाबतीत तर घड्याळाचा हिशेबच चुकतो. घरातल्या सत्तरीच्या माणसाला आपलं जुनं घड्याळ बांधून निष्कर्ष काढत बसू नका. हे मी करून बसलो आहे, पुढे येईलच.

खात्रीचा उपाय जुनाच. दुसऱ्या माणसाने बघून मोजायचं. छाती किंवा पोट वर गेलं, खाली आलं, की एक. पूर्ण ६० सेकंद मोजा. पंधरा सेकंद मोजून चारने गुणायच्या नादात एक श्वास चुकला की चारचा फरक पडतो. आणि ज्याचा श्वास मोजायचा त्याला आधी सांगू नका, त्याच्यावर हातही ठेवू नका. आपल्याकडे कुणी बघतंय म्हटल्यावर माणूस श्वास साधा घेतच नाही.

बायकोला विनवलं. ती म्हणाली, "लग्नाला एकवीस वर्षं झाली, आता हेच राहिलं होतं." पण उठली. मी झोपल्यावर तासाभराने मोजला: १४. त्याच रात्री पहाटे साडेचारला मोजला तेव्हा कधी १३, कधी १९, मध्येच दोन-चार उथळ श्वास, मध्येच एक लांब सुस्कारा. तिला वाटलं आपलं मोजणं चुकतंय. चुकत नव्हतं. झोप साधारण दीड-दीड तासाच्या फेऱ्यांनी येते. पहिल्या फेऱ्यांमध्ये गाढ झोप जास्त, तिथे श्वास घड्याळाच्या लंबकासारखा. पहाटेकडे स्वप्नांची झोप जास्त, तिथे डोळे पापण्यांआड हलतात आणि श्वास लहरी होतो. तेव्हा घरच्या घरी मोजायचा तर झोप लागल्यावर तासाभराने मोजा आणि रोज त्याच सुमाराला मोजा. नाहीतर सोमवारची गाढ झोप आणि मंगळवारचं स्वप्न यांची तुलना करत बसाल.

वही

मग मी वही केली. तारीख, आकडा, जेवण किती वाजता, नाक कसं, व्यायाम, ग्लास. महिनाभर काही बदललं नाही, फक्त लिहीत गेलो. माणूस इथेच चुकतो. एका रात्रीत उशी बदलतो, खिडकी उघडतो, ओवा चघळतो, आणि आकडा उतरला की श्रेय कुणाला द्यायचं ते कळत नाही. एका वेळी एकच गोष्ट बदला, आणि तीही निदान तीन रात्री.

महिन्याने वही उघडली तर लपवण्यासारखं काही नव्हतंच. शुक्रवार. शुक्रवारी रात्री नऊ ते साडेदहा आमचं बॅडमिंटन असतं, मग कोपऱ्यावर पावभाजी, अकराला घरी, साडेअकराला आडवा. अंग तापलेलं, हृदय अजून खाली उतरलेलं नाही, पोट तडस लागेपर्यंत भरलेलं. शनिवार सकाळचा आकडा १७. महिन्यातून एखाददुसरा शनिवारचा 'कार्यक्रम' असतो, त्या रविवारी १८. दारूने झोप लवकर लागते खरी, पण नाडी रात्रभर चढी राहते, घशाचे स्नायू ढिले पडतात आणि नाक चोंदतं. पुढे तीन शुक्रवार खेळ सात वाजता ठेवला आणि जेवण साडेआठला. आकडा १४.५. संपला विषय. एवढ्यासाठी महिनाभर वही लिहिली म्हणून बायको हसली, ते रास्तच होतं.

एक नोंद मात्र या साच्यात बसेना. ऑगस्टमध्ये ओळीने तीन सकाळी १६, १८, १९. खेळ नाही, पार्टी नाही. चौथ्या दिवशी संध्याकाळी अंग कसकसलं आणि १०१ ताप. संसर्ग असला की शरीराचा खर्च वाढतो, श्वासही वाढतो, आणि कधीकधी हे आपल्याला जाणवायच्या आधीच सुरू होतं. तेव्हापासून सलग दोन-तीन रात्री कारणाशिवाय आकडा चढला, की मी जागरण टाळतो आणि थर्मामीटर हाताशी ठेवतो.

नाकाचं प्रकरण वेगळं. पावसाळा सरता सरता आमच्याकडे, कालव्याच्या कडेला गाजरगवत कमरेएवढं वाढतं आणि पांढरं फुलतं. हे गवत आपल्या देशात पहिल्यांदा नोंदलं गेलं तेच मुळी पुण्यात, १९५० च्या दशकात. अभिमान वाटावा असं काही नाही. त्या दिवसांत माझं नाक रात्रभर बंद. गंमत म्हणजे श्वसनदर फारसा बदलत नाही, पण तोंडाने श्वास, कोरडा घसा आणि तुटक झोप. दर नीट आहे म्हणजे श्वास नीट आहे असं नाही, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं. गादीच्या खोळी गरम पाण्यात धुणं, गाद्या उन्हात टाकणं, झोपायच्या खोलीत डासांची कॉइल न लावणं, याने नाक पुष्कळ सुधारलं. डक्टमधल्या कबुतरांना जाळी लावा हे वेगळं सांगायला नको. कबुतरांच्या विष्ठेच्या आणि पिसांच्या धुळीने काहींच्या फुप्फुसांना कायमची सूज येते. कोरडा खोकला जाईना, जिना चढताना दम लागू लागला आणि महिनोन्‌महिने झोपेतला दर हळूहळू चढतोय असं दिसलं, तर तो घड्याळाचा दोष समजू नका.

सोसायटीच्या कट्ट्यावर यावर एकच उपाय निघाला: अनुलोम-विलोम. मी करतो, बरं वाटतं. पण झोपेतला दर त्याने हलला नाही. जागेपणी श्वासावर आपली थोडी हुकमत चालते. झोपल्यावर कारभार मेंदूच्या बुडाशी, शाळेच्या पुस्तकात मस्तिष्कपुच्छ म्हणायचे त्याच्याकडे जातो, आणि ते मुख्यतः रक्तातल्या कार्बन डायऑक्साइडचं ऐकतं.

उंचीचंही विचारतात. पुणे समुद्रसपाटीपासून ५६० मीटर, सिंहगड १३०० च्या आसपास. गडावर मुक्काम केला म्हणून काही होत नाही. पण विमानाने थेट ३५०० मीटरवरच्या लेहला उतरलात, तर पहिल्या रात्री श्वास भरभर, मग थांबल्यासारखा, मग पुन्हा भरभर असा चालू शकतो. विरळ हवेमुळे होतं ते.

आता बाबा

माझा १४ चा १८ शोधताना घरात खरं दुखणं कुणाचं होतं, ते या सगळ्यात कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं.

पहाटे साडेचारला बायको माझे श्वास मोजत होती तेव्हा हॉलमध्ये दिवाणावर बाबा घोरत होते. बाबा ७३ वर्षांचे. चाळीस वर्षं घोरतात. आमच्या घरी त्या आवाजावर झोपायची सवय आहे, आणि घोरणं थांबलं की सगळ्यांना बरं वाटतं. ते थांबलं. बायकोच्या हातात माझ्या मोबाईलचं स्टॉपवॉच चालू होतंच. माझे श्वास मोजता मोजता तिला जाणवलं की हॉलमधून काहीच ऐकू येत नाहीये. साधा श्वासही नाही. तिने आकड्याकडे पाहिलं, मग दाराशी जाऊन बाबांकडे पाहिलं. पोट हलत होतं, छाती ओढली जात होती, पण हवा जात नव्हती. ३१ सेकंद. मग बुडणारा माणूस वर यावा तसा एक घरघराट, आणि घोरणं पुन्हा सुरू. पाच मिनिटांत असं चार वेळा झालं.

तिने मला उठवलं. "तुझं सोड. बाबांकडे बघ."

दुसऱ्या रात्री मी शहाणपणाने माझं घड्याळ बाबांना बांधलं. सकाळी आकडा आला १५. अगदी नमुनेदार. मी म्हटलं, तू उगाच घाबरलीस. असाच एक आठवडा मी वाया घालवला.

हिशेब साधा आहे, पण सुचला नाही. मिनिटातले ३० सेकंद श्वास बंद, उरलेल्या ३० सेकंदांत धापा टाकत १५. मिनिटाला किती? १५. सरासरीत थांबणं दिसतच नाही. दर चढला की आपण घाबरतो, पण या आजारात, म्हणजे झोपेत श्वास अडण्याच्या आजारात (स्लीप अॅप्निया), दर चढेलच असं नाही. घोरणाऱ्या माणसाच्या बाबतीत आकडा बघूच नका. थांबण्याकडे बघा, आणि तेही पहाटे, कारण स्वप्नांच्या झोपेत अंगाचे स्नायू लुळे पडतात, घसा जास्त मिटतो आणि श्वास थांबणं लांबतं.

बाकीची लक्षणं घरभर पसरलेली होती. रात्रीत तीनदा लघवीला उठणं. आम्ही प्रोस्टेटच्या नावाने मोकळे झालो होतो. सकाळी डोकं जड, तोंड कोरडं. दोन गोळ्या घेऊनही न बसणारं बीपी. पेपर वाचता वाचता लागणारी डुलकी. पण पुण्यात दुपारी एक ते चार झोपणाऱ्या माणसाला आजारी कोण म्हणणार? शर्टाची कॉलर साडेसोळा इंची, म्हणजे गळा चाळीस सेंटिमीटरच्या वर. डॉक्टरांनी हेच सगळं क्रमाने विचारलं, आणि मी प्रत्येकाला मान डोलावत गेलो.

झोपेची तपासणी रात्रभराची असते. आदल्या दिवशी फोन आला, काकांच्या डोक्याला तेल लावू नका. बाबा रोज रात्री टाळूवर खोबरेल थापणारे. त्यांना हीच गोष्ट सगळ्यात जड गेली. डोक्याला तारा चिकटवतात त्या तेलावर टिकत नाहीत. नाकाशी बारीक नळी, छातीला आणि पोटाला एकेक पट्टा, बोटाला ऑक्सिजन मोजणारा चिमटा. पट्टे दोन का, तर घसा मिटून श्वास अडतोय की मेंदूकडून हुकूमच येत नाहीये हे त्यावरून कळतं. बाबांचे दोन्ही पट्टे हलत होते, नाकाशी हवा नव्हती. घसाच मिटत होता.

दहा सेकंद किंवा जास्त श्वास थांबणं, किंवा ऑक्सिजन उतरेल इतका तो उथळ होणं, तासाला किती वेळा होतं ते मोजतात. पाचच्या आत ठीक, १५ पर्यंत सौम्य, ३० पर्यंत मध्यम, पुढे तीव्र. बाबांचं ३८. सगळ्यात लांब थांबणं ५४ सेकंद, ऑक्सिजन ७९ टक्क्यांपर्यंत खाली. आणि त्याच कागदावर, एका कोपऱ्यात, सरासरी श्वसनदर: १५. बिचाऱ्या घड्याळाची चूक नव्हती.

डॉक्टरांनी पहिलं काम केलं ते बाबांची झोपेची गोळी काढण्याचं. 'झोप नीट लागत नाही' म्हणून कित्येक वर्षं अल्प्राझोलम चालू होती. घसा आधीच मिटणाऱ्या माणसाला अशी गोळी दिली की स्नायू आणखी ढिले पडतात आणि मेंदूही उशिरा जागा होतो. तीव्र वेदनांवरची अफूवर्गातली औषधं तर श्वासाचा दरच खाली आणतात. तुमच्या घरी असं काही चालू असेल तर ते एका रात्रीत बंद मात्र करू नका. आमचीही सहा आठवड्यांत पायरीपायरीने कमी केली.

पाठीवर झोपलं की जीभ मागे पडते, म्हणून बंडीला मागून खिसा शिवून त्यात टेनिसचा चेंडू ठेवला. सौम्य त्रास असलेल्यांना कुशीवर झोपण्याचा चांगला फायदा होतो. बाबांना चेंडूने फक्त पाठदुखी दिली.

कधी थांबायचं नाही

घरी मोजत बसण्याची वेळ नसते ती अशी: मोठ्या माणसाचा स्वस्थ पडलेला असताना श्वास २५ च्या पुढे राहतोय, आडवं पडलं की गुदमरतं म्हणून उशा वाढत चालल्यात, पावलांना सूज आहे, छातीत दुखतंय, ओठ निळे पडलेत, बोटाच्या चिमट्यावर ऑक्सिजन ९० च्या खाली आहे. किंवा उलट, कुठल्याशा गोळीनंतर माणूस हलवूनही नीट जागा होत नाही आणि श्वास आठ-नऊवर आलाय. १०८ लावा. पहाटे दम्याची उबळ रोज येत असेल तर ती तेवढी तातडीची नसली तरी त्याच आठवड्यात दाखवायची. घोरणं न अडखळता, भरभर-हळू-बंद, भरभर-हळू-बंद अशा लाटांनी श्वास चालत असेल, तर हृदयाची तपासणी करून घ्या. अशक्त हृदयात हा साचा दिसतो. चेन आणि स्टोक्स या दोन डॉक्टरांनी तो एकोणिसाव्या शतकातच लिहून ठेवला आहे.

यंत्र आणि मिशी

बाबांना सीपॅप लागलं. नाकावर मुखवटा, त्याला नळी, नळीच्या टोकाला डब्याएवढं यंत्र. ते ऑक्सिजन देत नाही, खोलीतलीच हवा थोड्या दाबाने देतं, म्हणजे घसा मिटत नाही. १९८१ साली ऑस्ट्रेलियात कॉलिन सलिव्हन यांनी हे पहिल्यांदा मांडलं तेव्हा व्हॅक्यूम क्लीनरची मोटर वापरली होती. बाबांना हे सांगितल्यावर ते म्हणाले, "तरीच."

पहिले दहा दिवस यंत्र रात्री दोनच्या आत जमिनीवर असायचं. हवा गळायची, डोळ्यांवर यायची, शिट्टी वाजायची. पट्टे आवळले, तर नाकाच्या हाडावर वळ उठले. तंत्रज्ञ मुलगा घरी येऊन बघून गेला आणि दोष एका मिनिटात सापडला: मिशी. पांढरी, झुपकेदार, १९७४ पासूनची. मुखवट्याची रबरी कड केसांवर बसत नाही. तो चाचरत म्हणाला, "काका, थोडी कमी केली तर..." बाबांनी चष्म्यावरून नुसतं पाहिलं.

शेवटी नाकपुड्यांत टेकणारा लहान मुखवटा आणला. तो मिशीच्या वर बसतो. हवा ओलसर करायला यंत्राला पाण्याची छोटी टाकी असते, तीत फिल्टरचं नाही, डिस्टिल्ड पाणी घालायचं. आपलं घरचं पाणी घातलं की पांढरे थर धरतात. रोज सकाळी उशा पुसायच्या, म्हणजे त्या नाकातल्या रबरी उशा, डोक्याखालच्या नव्हे. यंत्र आता रात्रीला साडेसहा तास चालतं, तासाला अडखळणं तीनवर आलंय, आणि बाबा रात्रीतून एकदाच उठतात.

हॉलमध्ये आता रात्री नुसती हवेची बारीक सूं ऐकू येते. त्या शांततेने पहिले आठ दिवस बायको दर रात्री उठून दाराशी जायची आणि त्यांचं पोट हलतंय ना ते बघायची. दुपारी मात्र बाबा एक ते चार झोपतातच. डॉक्टरांनी विचारलं, आता दिवसा झोप का येते? म्हणाले, "येत नाही. घेतो."